जामीन अर्जातला चौथा परिच्छेद

"अनगोळच्या त्या प्रकरणात आरोपीच्या सुटकेची आशा कोणालाच उरली नव्हती. आमच्या सत्कारमूर्तींनी उभे राहून आरोपी लग्नास तयार असल्याची हमी दिली, सुपारी फोडल्याचे छायाचित्र न्यायाधीशांपुढे ठेवले आणि त्या एका हमीवर जामीन मिळवला. तुटू पाहणारी दोन घरे त्या दिवशी जोडली गेली. समोरच्या बाजूचे ज्येष्ठ वकील एक शब्दही बोलू शकले नाहीत."

माझ्या मित्राच्या पंचाहत्तरीनिमित्त निपाणीत जी स्मरणिका निघाली, तीत हा मजकूर छापला आहे. लिहिणारे गृहस्थ निवृत्त शिक्षक आहेत, सज्जन आहेत, आणि त्या दिवशी बेळगावच्या न्यायालयात नव्हते. समोरच्या बाजूचा ज्येष्ठ वकील म्हणजे मी. उताऱ्यात चार वाक्ये आहेत. पहिली तीन चुकीची आहेत. चौथे खरे आहे, आणि सर्वांत जास्त दिशाभूल तेच करते. मी त्या दिवशी खरोखरच एक शब्द बोललो नाही. मात्र मी का बोललो नाही, हे निपाणीच्या शिक्षकांनी सांगायचे नाही. ते मी सांगेन.

स्मरणिका वाटली गेली त्यानंतर आठवड्याभरात त्या प्रकरणातल्या मुलीचा फोन आला. ती एका रुग्णालयाच्या प्रयोगशाळेत रक्त तपासण्याचे काम करते. कोणीतरी तिला त्या पानाचा फोटो मोबाइलवर पाठवला होता.

"आप्पा, हे छापलंय ते वाचलासा?"

"वाचलं."

"गल्लीतल्या बायका आईला इचारायल्यात. पोरगा लग्नाला तयार हुता, कोर्टात हमी दिलती, मग तुमची पोरगी का गेली न्हाय नांदायला? म्हंजे आता मीच वाईट. खटला अजून चाललाय. माझी साक्ष व्हायची हाय. तुमी हुतासा की तिथं. तुमी सांगा."

म्हणून सांगतो. पण आधी मित्राविषयी लिहिले पाहिजे. त्याला वगळून माझे मौन कोणाला कळणार नाही.

तो निपाणीचा, मी नंदगडजवळच्या एका खेड्यातला. कायद्याचे शिक्षण आम्ही बेळगावात एकाच वर्गात घेतले आणि एकाच ज्येष्ठ वकिलांच्या हाताखाली उमेदवारी केली. अनगोळात आम्ही एक खोली भाड्याने घेतली होती. घरमालकीणबाई सकाळी भाकऱ्या थापत. मी आधी उठून, आंघोळ करून, पुस्तक घेऊन ओट्यावर बसलेला असे. तो उशिरा उठे, डोळे चोळत त्यांच्या चुलीपाशी जाऊन बसे, आणि त्याला गरम भाकरीवर लोण्याचा गोळा मिळे. मला सांगितले जाई, "तुमची झाकून ठेवलीया बघा." पन्नास वर्षांत या व्यवस्थेत फरक पडलेला नाही. त्याची भाकरी गरम असते, माझी झाकून ठेवलेली असते.

तो माझ्याहून कमी वाचतो. हे मी द्वेषाने लिहीत नाही, आमच्या गुरूंनीही ते मान्य केले असते. परंतु गुरूंनी म्हातारपणी आपले टेबल आणि खुर्ची दिली ती त्याला. मला त्यांनी पुस्तके दिली. लोक म्हणतात, पुस्तके मिळणे हा मोठा मान. ज्यांनी ती खुर्ची पाहिलेली नाही, त्यांनी तसे म्हणावे. त्या खुर्चीच्या डाव्या हातावर गुरूंच्या कोपराने पडलेला खळगा होता. आता त्यात माझ्या मित्राचे कोपर असते.

त्याला कन्नड अशी येते की ऐकणाऱ्याला तो धारवाडचा वाटावा. माझी कन्नड बाजारापुरती आणि बसच्या पाटीपुरती. माझे सगळे युक्तिवाद इंग्रजीत, लिहून काढलेले, घासून पुसून घेतलेले. तो कागद हातात न घेता उभा राहतो आणि न्यायाधीश मान हलवू लागतात. लोकांना तो आवडतो. मी बरोबर असतो. एवढ्या वर्षांत या दोन गोष्टींची अदलाबदल एकदाही झाली नाही.

आता प्रकरण. मुलगी अनगोळची. वडील लहानपणीच गेलेले, आई शिवणकाम करते. मुलगा निपाणीचा, खाजगी कंपनीत नोकरीला. महाविद्यालयापासूनची ओळख, पुढे तीन वर्षे एकमेकांच्या जवळ. लग्न करायचे आहे हे तो दर भेटीत सांगत होता, आणि त्या शब्दावर तिने त्याला सर्व बाबतींत नवऱ्यासारखे मानले. एका दिवशी फोन उचलणे बंद झाले. मग कळले की त्याच्या आईने आपल्या भावाची मुलगी त्याच्यासाठी ठरवली आहे. आमच्या सीमाभागात मामाची मुलगी करणे ही काही आश्चर्याची गोष्ट नाही. तिने पोलिसांत तक्रार दिली. लग्नाच्या खोट्या वचनावर शरीरसंबंध ठेवण्यासाठी नव्या कायद्यात वेगळे कलम आले आहे, ते लागले. मुलगा हिंडलग्याच्या तुरुंगात गेला. आई आणि मुलगी माझ्याकडे आल्या. मुलाच्या बापाने माझ्या मित्राला वकीलपत्र दिले.

मित्राचे नाव ऐकल्याबरोबर मी ते प्रकरण घेतले. हे कबूल करतो. मुलीची हकीकत मी नंतर ऐकली.

अशा प्रकरणात जामिनाच्या वेळी प्रश्न एकच असतो, आणि तो सोपा दिसतो. वचन देतानाच मुलाच्या मनात ते मोडायचे होते, की वचन खरे होते आणि पुढे घरच्यांच्या दडपणाने मोडले? पहिले असेल तर गुन्हा, दुसरे असेल तर दुःख. जामिनाच्या अर्जावर याचा निकाल लागत नाही, तो खटल्यात लागतो. जामीन देताना न्यायालय बघते ते वेगळेच: तपास किती झाला, आरोपी पळेल का, साक्षीदारांवर दबाव आणेल का. या प्रकरणात तपास संपत आला होता. मोबाइल जप्त झाले होते, मुलीचा जबाब झाला होता. त्यामुळे आशा कोणालाच उरली नव्हती, हे स्मरणिकेतले पहिले वाक्य पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्यानेही लिहू नये.

पण मला जामीन अडवायचा होता. मी बारा पानांचे आक्षेप तयार केले, सरकारी वकिलांच्या हाती देण्यासाठी; अशा खटल्यात बाजू सरकार मांडते, फिर्यादीच्या वकिलाने साहाय्य करायचे असते. इतके चांगले लेखन मी कित्येक वर्षांत केले नव्हते. तसे का, हे मला तेव्हाही ठाऊक होते. ती बारा पाने मी न्यायाधीशांसाठी लिहिलेली नव्हती. ती माझ्या मित्राने वाचावीत आणि वाचताना त्याच्या चेहऱ्यावरचे ते हसू क्षणभर जावे, एवढ्यासाठी लिहिलेली होती.

सुनावणीच्या आधीच्या आठवड्यात सुपारी फोडली गेली.

बाहेरच्या वाचकासाठी सांगतो. आमच्याकडे सोयरीक ठरली की दोन्हीकडची वडील माणसे एकत्र बसतात, मध्ये ताट, ताटात नारळ आणि अखंड सुपारी. शब्द दिला-घेतला जातो, सुपारी फोडतात आणि तुकडे उपस्थितांत वाटतात. सुपारी फुटली की सोयरीक फिरत नाही. या बैठकीला मुलगा नसला तरी चालतो, मुलगी नसली तरी चालते. शब्द घरांमधला असतो. मुलीच्या सख्ख्या मामाला कोणीतरी सांगितले की सुपारी फुटली म्हणजे प्रकरण मिटले, न्यायालय काय, तेही माणसांचेच असते. मामा निपाणीला गेला, मुलाच्या बापाला भेटला. नवरा मुलगा तुरुंगात असताना, मुलगी प्रयोगशाळेत कामावर असताना, अनगोळच्या त्या दोन खोल्यांत दहा पुरुष बसले आणि सुपारी फोडून पेढे वाटून उठले. खटल्याचा कागद आणि सोयरिकीची सुपारी ही एकाच ताटातली समजण्याची चूक आमचीच माणसे करू जाणोत.

ही युक्ती माझ्या मित्राची होती, असे मी तेव्हा न्यायालयात, वकिलांच्या बारमध्ये दहा जणांना सांगितले. ते खोटे होते. त्याला ती गोष्ट दुसऱ्या दिवशी कळली. तेवढे मी इथे मागे घेतो. बाकीचे काहीही मागे घेत नाही.

मुलगी चार वाजता घरी आली तेव्हा आईने तिच्या हातावर पेढा ठेवला. हे मला तिनेच सांगितले. ती तीन-चार दिवसांनी माझ्या कार्यालयात आली, एकटी, कामावरचा पांढरा कोट पिशवीत कोंबलेला. रुमालाची गाठ सोडून तिने माझ्या टेबलावर सुपारीचे दोन तुकडे ठेवले.

"हे मामाच्या वाट्याचे आणि आईच्या वाट्याचे. मागून घेतले."

"कशाला?"

"परत द्यायला. बाकीचे नऊ निपाणीला गेलेत."

मी अर्जाची प्रत तिच्यापुढे ठेवली. मित्राने दाखल केलेला जामीन अर्ज, इंग्रजीत, एकूण नऊ परिच्छेद. चौथ्या परिच्छेदात म्हटले होते की दोन्ही कुटुंबांत विवाह निश्चित झाला आहे, आरोपी फिर्यादीशी लग्न करण्यास तयार आहे आणि तशी हमी देत आहे. सोबत दस्तऐवज म्हणून छायाचित्र जोडले होते. मोबाइलवर काढून रंगीत छापलेले. दहा पुरुष, मध्ये ताट, नारळ, मामाच्या हातात अडकित्ता. मी ते बराच वेळ पाहिले होते आणि त्यात जे नव्हते ते मला सापडले होते. छायाचित्रात मुलगी नव्हती. विवाह निश्चित झाल्याचा पुरावा आणि त्यात वधू नाही. या एका मुद्द्यावर मित्राला उताणे पाडायचे, असे मी ठरवले होते. त्यासाठीचे इंग्रजी वाक्य मी आरशासमोर उभे राहून तीनदा म्हणून पाहिले होते. म्हातारपणी माणूस असे काही करतो हे लिहायला लाज वाटते, पण वाक्य सुंदर होते.

मी तिला बारा पानांचा सारांश सांगितला. ती शांतपणे ऐकत होती. मग म्हणाली, "आप्पा, जामीन झाला तर होऊ दे."

मला वाटले मी चुकीचे ऐकले. "होऊ दे म्हणजे?"

"तो आत हाय म्हणून सगळी माझ्या मागं लागल्यात. त्याची आई रडती, मामा बोलतोय, आई जेवत न्हाय. पोरगा आत सडतोय, तू लग्नाला हो म्हण, म्हंजे सुटंल, असं म्हणत्यात. तो सुटला तर त्यांच्याकडं बोलायला काय राहतंय?"

"आणि खटला?"

"खटला चालूदे की. मला तेच पाहिजे." तिने चौथ्या परिच्छेदावर बोट ठेवले. बोट रक्ताच्या नळ्या हाताळणाऱ्या माणसाचे, नखे अगदी बारीक कापलेली. "हे काढायला लावा. हे ऱ्हायलं तर उद्या लगीन लावतील, केस मागं घ्यायला लावतील, आणि मी जे इचारतोय ते कुणी कधी इचारणारच न्हाय."

"काय विचारतेस तू?"

"पहिल्या दिवशी तो खरं बोलला हुता का खोटं. एवढंच. तो आत बसून मला हे कळणार न्हाय. त्याच्याशी लगीन करून तर जन्मात कळणार न्हाय."

मी वाद घातला. दबाव येतो आहे, हाच जामीन नाकारण्याचा सर्वांत मोठा आधार आहे, सुपारी हाच दबावाचा पुरावा आहे, हे मी तिला समजावले. कायद्याच्या दृष्टीने मी बरोबर होतो. ती म्हणाली, "आप्पा, तुमाला त्याला आत ठेवायचंय का तुमच्या दोस्ताला हरवायचंय?"

असा प्रश्न माझ्या पत्नीनेही मला कधी विचारला नव्हता. मी रागाने सांगितले की वकील बदलायचा असेल तर खुशाल बदल. तिने सुपारीचे तुकडे परत रुमालात बांधले. "बदलायचा न्हाय. तुमी बसा माझ्या शेजारी. मी बोलतो." आमच्या भागातल्या मुली अशा ठिकाणी 'मी बोलतो' म्हणतात, पुरुषांसारखे. त्या दिवशी मला ते खटकले.

सुनावणीच्या सकाळी बारच्या खोलीत मित्र खिडकीजवळच्या त्याच्या जागी बसला होता. चहा त्याच्याकडे आधी येतो, ट्रे घेऊन येणारा कन्नड माणूस त्याला 'अण्णा' म्हणतो आणि मला 'सर'.

"काय रं वकिला, बारा पानं लिवलीस म्हणं," तो म्हणाला. "एवढं तर आमच्या लग्नाच्या याद्यांतबी नसतंय."

"तुझ्या अर्जात लग्नाची यादी आहे, माझ्यात कायदा आहे."

"कायदा तुझ्याकडं आणि माणसं माझ्याकडं. वाटणी जुनीच हाय, का?" तो हसला. शेजारचे दोघे हसले. मी चहा तसाच ठेवला.

न्यायालयात मुलाचा बाप मित्राच्या पाया पडला. सख्खा मामा, ज्याने माझ्या अशिलाच्या बाजूने उभे राहायचे, तोही माझ्याकडे न येता मित्राच्या मागे जाऊन उभा राहिला. मुलगी माझ्या शेजारी उभी. बारा पाने माझ्या हातात. ती मी सरकारी वकिलांकडे दिलेली नव्हती, मात्र द्यायचे नाही असेही ठरवले नव्हते. शेवटच्या क्षणापर्यंत मी मनाशी म्हणत होतो, एक मुद्दा तरी मांडतो, छायाचित्राचा मुद्दा तरी मांडतो.

पुकारा झाला. मित्र कन्नडमध्ये बोलू लागला, तुरुंगातले दिवस, म्हातारे आईबाप, आणि मग तो चौथ्या परिच्छेदाकडे आला. दोन कुटुंबे एकत्र आली आहेत, आरोपी लग्नास तयार आहे. न्यायाधीशबाईंनी छायाचित्र हाती घेतले आणि विचारले, फिर्यादी हजर आहे का, तिचे म्हणणे काय? सरकारी वकिलांनी माझ्याकडे पाहिले. मी उठायला खुर्चीच्या पाठीवर हात ठेवला. मुलीने माझ्या बाहीला दोन बोटे लावली, तेवढीच, आणि पुढे गेली.

ती कन्नडमध्ये बोलली. बेळगावची कन्नड, मध्ये मराठी शब्द असलेली, मात्र एकदाही न अडखळता. मी इथे मराठीत देतो.

"फोटोत मी नाही, मॅडम."

न्यायाधीशबाईंनी चष्मा सारखा करून पुन्हा छायाचित्र पाहिले.

माझे वाक्य तिने तीन-चार शब्दांत उरकले होते. आरशासमोर घोकलेले ते सगळे इंग्रजी माझ्या घशात होते, आणि त्या क्षणी मला स्वतःच्या अशिलाचा हेवा वाटला. जो हेवा पन्नास वर्षे मी एकाच माणसासाठी राखून ठेवला होता, तो त्या पंचवीस वर्षांच्या मुलीकडे वळला. कारण तिच्या हातात कागद नव्हता, तरी न्यायाधीशबाई मान हलवत होत्या.

ती पुढे म्हणाली, "सुपारी फोडली तेव्हा मी कामावर होते. मला विचारले नाही. मला त्याच्याशी लग्न करायचे नाही. जामिनाला माझी हरकत नाही. लग्नाचे जे लिहिले आहे ते काढावे, आणि त्याने किंवा त्याच्या घरच्यांनी माझ्या दारात येऊ नये. खटल्यात मला जे विचारायचे आहे ते मी विचारीन."

मागे मामा काहीतरी पुटपुटला. न्यायाधीशबाईंनी त्याच्याकडे फक्त पाहिले, तो गप्प झाला. मग त्या माझ्या मित्राकडे वळल्या. हा परिच्छेद तुम्ही कायम ठेवता का, एवढेच त्यांनी विचारले.

माझ्या मित्राच्या चेहऱ्यावरचे हसू गेले. मला ज्यासाठी बारा पाने लागली असती, ते माझ्या देखत झाले, आणि त्यात माझा हात नव्हता. त्याने मागे वळून मुलाच्या बापाकडे पाहिले. बाप मान हलवून 'नको नको' करत होता. मित्राने पुन्हा मुलीकडे पाहिले. ती अजून तिथेच उभी होती, हातात रुमालाची गाठ. मग त्याने खिशातून पेन काढले आणि पुढे होऊन अर्ज मागून घेतला.

सरकारी वकिलांनी आणखी दोन मुद्दे मांडले. मी बोललो नाही. मला बोलू नको असे माझ्या अशिलाने सांगितले होते, आणि तिला जे हवे होते ते सर्व तिने स्वतः मागून घेतले होते. यात शब्द न सुचण्याचा प्रश्न कुठे आला? बारा पाने मी घडी घालून काळ्या कोटाच्या आतल्या खिशात ठेवली. ती आजही माझ्याकडे आहेत. कोणी मागितली तर दाखवीन.

त्या दिवशी जामीन झाला, हे खरे. अटीही लागल्या: ठरलेल्या दिवशी पोलीस ठाण्यात हजेरी, साक्षीदारांशी संपर्क नाही, फिर्यादीच्या घराच्या किंवा कामाच्या ठिकाणाच्या आसपास आरोपीने वा त्याच्या वतीने कोणीही जायचे नाही. ज्याला मुलीच्या दारात पाऊल टाकण्याची बंदी घालून सोडले, तो तिच्याशी लग्न करण्याच्या हमीवर सुटला असे लिहिणाऱ्याने आदेश वाचलेला नाही. दोन घरे जोडली गेली, हे तिसरे वाक्यही त्याच तोलाचे. जोडली काहीही गेली नाहीत. बाहेर आल्यावर मुलीने ते दोन तुकडे मुलाच्या बापाच्या तळहातावर ठेवले. "अकराच्या अकरा झाले आता तुमच्याकडं," ती म्हणाली. त्याने मूठ मिटली नाही, तुकडे तसेच हातावर घेऊन तो बराच वेळ उभा होता.

त्यानंतर मित्र बारच्या खोलीत माझ्या टेबलाशी येऊन बसला. अशी वेळ पाच-सहा वर्षांत आली नव्हती.

"तू का बोलला न्हाईस रं?"

"अशिलाची तशी सूचना होती."

"तुला सूचना ऐकायची सवय कधीपासनं?" तो म्हणाला, पण हसला नाही. "पोरगी भारी हाय. माझ्याकडं आली असती तर..."

"तुझ्याकडे आली असती तर तू तिचं लग्न लावून दिलं असतंस."

माझा चहा गार झाला होता, त्याने तो स्वतःच्या बशीत ओतून पिऊन टाकला, आमच्या अनगोळच्या खोलीत करायचा तसा. मला बरे वाटले आणि राग आला.

आणि तरीही, सत्काराच्या दिवशी निपाणीच्या त्या सभागृहात हा उतारा व्यासपीठावरून वाचला गेला, तेव्हा तो शालीत बसून खाली बघत होता. टाळ्या पडल्या. मी चौथ्या रांगेत होतो. तो उठून एक वाक्य बोलेल म्हणून मी वाट पाहिली. 'तसे झाले नव्हते', इतके तीन शब्द पुरले असते. ते त्याला सुचले नाहीत. एक शब्दही बोलू न शकलेला वकील त्या सभागृहात एकच होता, आणि तो चौथ्या रांगेत नव्हता.

कोणी म्हणेल, या वयात हेवा शोभत नाही. माझा हेवा माझ्याजवळ राहू द्या, तो मी कोणावर खटल्यासारखा चालवत नाही. शाल त्याला मिळाली, खुर्ची मिळाली, गरम भाकरी मिळाली, हे मी सहन केले आहे आणि पुढेही करीन. परंतु त्या शालीच्या काठाखाली अनगोळच्या एका मुलीची बदनामी झाकली जात असेल, तर मला ती शाल बाजूला करावी लागेल. हमी देऊनही नांदायला गेली नाही, असे तिच्या आईला गल्लीत ऐकावे लागते. साक्षीच्या दिवशी पिंजऱ्यात उभी राहिल्यावर तिला हाच प्रश्न समोरून विचारला जाईल, आणि तो स्मरणिकेतून उचललेला असेल.

म्हणून परवा मी न्यायालयाच्या नक्कल शाखेत गेलो, रांगेत उभा राहिलो आणि त्या जामीन अर्जाची प्रमाणित प्रत काढली. तिला एक दिली, एक स्मरणिकेच्या संपादकांना टपालाने पाठवली, एक माझ्यापुढे आहे. शिक्षकमहाशयांनी, गल्लीतल्या बायकांनी, मामाने, ज्याला पाहिजे त्याने येऊन पाहावी. चौथ्या परिच्छेदावर, पहिल्या शब्दापासून शेवटच्या शब्दापर्यंत, निळ्या शाईची आडवी रेघ आहे, आणि रेघेच्या शेवटी समासात सही आहे ती माझ्या मित्राची.